उत्तरवादी हजर

नेदरलँड्समधल्या ब्रेडा शहरात मराठी घरं तशी मोजकीच, पण मृणालिनी आठल्येबद्दल त्या सगळ्यांचं एकमत आहे. हिच्या हाती एखादं काम लागलं की ते तडीस गेल्याशिवाय सुटका नाही, ना कामाची, ना ते ज्याच्याकडे अडकलंय त्या माणसाची. तिच्या इमारतीसमोरचा रस्त्यावरचा दिवा एकदा मिचमिचायला लागला. शेजारच्या डच मंडळींनी पडदे ओढून घेतले आणि विषय संपवला. मृणालिनीने खेमेन्टेला, म्हणजे तिथल्या नगरपालिकेला, कळवलं. मग पुन्हा कळवलं. मग आधीचं कळवणं कुठवर पोचलं ते विचारायला कळवलं. शेवटी दिवा बदलायला आलेला माणूस शिडीवरून उतरून थेट तिच्या दारात उभा राहिला, कारण ही बाई दिसते तरी कशी ते त्याला बघायचं होतं. तिने त्याला चहा पाजला आणि पलीकडच्या गल्लीतल्या दिव्याबद्दल सांगितलं.

नोकरीही स्वभावाला साजेशी मिळाली होती. मालवाहतुकीच्या एका कंपनीत ती प्लॅनर होती. कुठला ट्रक कुठे अडकला, का अडकला, कधी सुटणार, याच्या मागे दिवसभर लागायचं आणि त्याचाच पगार घ्यायचा. लग्न केलं नाही. करायचं नाही असं काही ठरवलं नव्हतं, पण ज्याच्या मागे लागावं असं स्थळच आलं नाही, असं ती स्वतःच हसत सांगायची.

अशा बाईच्या आयुष्यातला एकुलता एक कज्जा कोणी चालवला नाही म्हणून निकालात निघाला, आणि तोही तिच्याच बाजूने. ओळखीच्यांनी अभिनंदन केलं. तिच्या वकिलांनी पेढ्यांचा फोटो पाठवला. तिने त्या फोटोला उत्तर दिलं नाही.

कज्जा होता सख्ख्या भावाशी. भाऊ काही सातासमुद्रापलीकडे नव्हता; ब्रेडाहून आगगाडीने आइंडहोवनला जायचं आणि तिथून बसने न्यूनेनला, झालं. पण भांडण चालायचं ते सांगलीच्या कोर्टात. दोघंही राहणार नेदरलँड्समध्ये, वर्षातून चार वेळा एकमेकांच्या घरी जेवणार, आणि एकमेकांविरुद्ध बोलायला सांगलीत दोन वकील ठेवणार. आपल्या लोकांना हे विचित्र वाटत नाही. आइंडहोवनच्या गणपतीत दोघं शेजारी उभं राहून आरती म्हणायचे, आणि त्यात काही वावगं आहे असं तिथल्या एकाही माणसाला कधी वाटलं नाही.

भाऊ संजीव धाकटा. मृणालिनी शिकायला डेल्फ्टला आली, नोकरीला लागली, आणि मग त्यालाही घेऊन आली. त्याचे अर्ज तिने भरले, त्याला खोली मिळेपर्यंत आपल्या सोफ्यावर झोपवलं, आणि वाऱ्यात सायकल कशी चालवायची तेही मागून धावत शिकवलं. पुढे तो चिप बनवणाऱ्या यंत्रांच्या धंद्यात शिरला, तिथे नाव काढलं, संपदाशी लग्न केलं, न्यूनेनला घर घेतलं. मुलगी आर्या तिथलीच झाली. मराठी सगळं समजायचं, उत्तर मात्र इंग्रजीत.

सांगलीला विश्रामबागेत आई राहायची. वसुधाबाई आठल्ये, शाळेतून निवृत्त झालेल्या. शेवटच्या आजारपणात मृणालिनी बिनपगारी रजा घेऊन तिच्याजवळ जाऊन राहिली. त्याच काळात आईने मृत्युपत्र केलं आणि घर मुलीच्या नावावर केलं. "संजीवला बायको आहे, पोर आहे, घर आहे. तुला कधी परत यावंसं वाटलं तर एक दार असावं," असं तिचं म्हणणं. ठेवणीतली साडी नेसून ती रिक्षाने रजिस्ट्रार कचेरीत गेली. चष्मा लावून सगळा मजकूर वाचला, दोन ठिकाणी तो बदलायला लावला, आणि कारकून कंटाळून सुस्कारे टाकायला लागला तेव्हा त्याला नीट बसायला सांगून मग सही केली.

आई गेल्यावर काही वर्षं संजीव काहीच बोलला नाही. मग एका सुट्टीत तो सांगलीला गेला असताना हरिहरकाकांनी त्याचे कान भरले. मुलगा असून तुला वीटसुद्धा नाही, लोक काय म्हणतात ठाऊक आहे का, वगैरे. काकांना स्वतःला काही मिळणार नव्हतं, पण दुसऱ्याच्या घरात आग लागली की हात शेकायला बसणारी माणसं असतात, त्यातले ते. त्यांच्याच ओळखीचा वकील, त्यांचीच गाडी. संजीव परत विमानात बसला तेव्हा सांगलीच्या कोर्टात बहिणीविरुद्ध दावा पडलेला होता.

दाव्याची प्रत मृणालिनीने ब्रेडाच्या घरी, स्वयंपाकघरातल्या टेबलावर वाचली. घर मागितलं होतं ते तिला एक वेळ समजू शकलं असतं. पण त्यात एक परिच्छेद होता. प्रतिवादीने मयत वसुधाबाई यांच्या वार्धक्याचा व आजारपणाचा गैरफायदा घेतला, मृत्युपत्राचा मजकूर त्यांना वाचून न दाखवता, तो समजू न देता, कपटाने त्यांची सही घेतली. त्या दिवसापासून तो परिच्छेद तिला पाठ झाला. तो ट्रकच्या वेळा लावताना आठवायचा, आल्बर्ट हाइन सुपरमार्केटच्या रांगेत आठवायचा. ज्या आईला तिने रात्रंदिवस उठवलं-बसवलं, तिलाच फसवलं असं तिचा भाऊ लेखी म्हणत होता. तिला इतकं लागलं की दोन दिवस ती जेवली नाही.

भावाला तिने फोन केला नाही. ज्याने असं लिहिलं त्याला काय विचारायचं? लिहिलंय ना, आता कोर्टात सिद्ध करून दाखव, हा तिचा बाणा. वकिलांनीही बजावलं होतं की समोरच्याशी या विषयावर चकार शब्द बोलायचा नाही. तो सल्ला तिने फारच मनावर घेतला. भाऊबीजेला जाणं मात्र तिने सोडलं नाही. गेलो नाही तर आपल्याच मनात खोट आहे असं दिसेल, म्हणून ती दरवर्षी करंज्यांचा डबा घेऊन न्यूनेनला जायची, भावाला ओवाळायची, आणि संध्याकाळी परत यायची.

संपदा आदराने वागायची, पण दाव्यानंतर तो आदर जरा जास्तच झाला होता. पूर्वी सुट्टीला जाताना ती घराची किल्ली मृणालिनीकडे देऊन जायची, झाडांना पाणी घालायला. नंतर किल्ली शेजारच्या डच आजीबाईंकडे जायला लागली. "ताई, तुम्हाला कशाला एवढ्या लांबून त्रास?" असं ती म्हणायची. मृणालिनी हसून "बरोबर आहे" म्हणायची आणि परतीच्या गाडीत खिडकीकडे तोंड करून बसायची.

दाव्याचा निकाल लागला तो तिच्या बाजूने. तिचे वकील दिनकरराव यांनी फोनवर ओरडूनच सांगितलं. मुदत उलटून गेल्यावर दावा आणला, म्हणून फेटाळला. मृणालिनीने विचारलं, "आणि सहीचं काय?" दिनकरराव गोंधळले. निकालपत्रात तो मुद्दा होता, पण त्याच्यापुढे न्यायाधीशांनी लिहिलं होतं की मुदतीवरच दावा फेटाळल्यामुळे या मुद्द्याचं उत्तर देण्याची गरज उरत नाही.

"म्हणजे मी फसवलं की नाही, ते कोणीच सांगितलं नाही?"

"अहो ताई, गरजच काय? घर तुमचं झालं!"

त्यानंतर संजीवने अपील केलं तेव्हा दिनकररावांनी पडेल आवाजात बातमी दिली, आणि मृणालिनी "बरं झालं" म्हणाली. बाई परदेशात राहून जरा बिघडल्यात, असं दिनकररावांना वाटलं असावं. पण तिचं गणित सरळ होतं. वरचं कोर्ट सगळे कागद पुन्हा बघेल, मजकूर बदलून घेतलेली ती दोन ठिकाणं बघेल, कारकुनाची साक्ष वाचेल, आणि तो परिच्छेद खोटा आहे असं एकदाचं म्हणेल. जिंकलेल्या पक्षाने समोरच्याच्या अपिलाची अशी वाट पाहिल्याचं दुसरं उदाहरण दिनकररावांच्या उभ्या वकिलीत नव्हतं.

आणि मग करोना आला. सांगलीचं कोर्ट बंद, ब्रेडाची दुकानं बंद, विमानं बंद. ट्रक मात्र चालू होते, आणि मृणालिनी घरात बसून त्यांच्या मागे होती. त्या वर्षीची भाऊबीज पडद्यावर झाली. तिने ब्रेडात निरांजन फिरवलं आणि न्यूनेनमध्ये संजीवने मान वाकवली. अपिलाला तारखांमागून तारखा पडत गेल्या. कोर्टांनी ठरवलं होतं की महामारीत कोणी येऊ शकलं नाही तर त्याच्याविरुद्ध निकाल द्यायचा नाही. ते योग्यच होतं. पण पुढे कोर्टं पुन्हा नीट सुरू झाली तरी संजीवच्या बाजूने कोणीच उभं राहीना. त्याचे वकील गुरुनाथ साखरे पहिल्या लाटेतच मुलीकडे पुण्याला गेले होते, ते तिथेच रमले. पक्षकाराचा फोन आला तर बघू, असा त्यांचा हिशेब.

"ताई, आता फार दिवस नाहीत," दिनकररावांनी खुशीत सांगितलं. "समोरचे असेच गैरहजर राहिले तर पुढच्या वेळी न्यायाधीश मॅडम अपील काढूनच टाकतील. आपल्याला काही करायचं नाही. गप्प बसायचं."

गप्प बसणं मृणालिनीला कधी जमलेलं नाही. फेब्रुवारीतल्या एका शनिवारी घरच्या घरी नाकात काडी घालून तिने चाचणी केली, ती निगेटिव्ह आल्याचा फोटो संपदाला पाठवला, तोंडाला मास्क लावून गाडीत बसली आणि न्यूनेनला गेली. संपदाने तिला बागेच्या दाराजवळ, वारा येईल अशा जागी बसवलं. कॉफी आली. आयुष्यात पहिल्यांदाच तिने या घरात तो विषय काढला.

"संजू, तुझ्या अपिलाला कोणी उभं राहत नाहीये."

संजीव दचकला. एक तर ताईने हा विषय काढला, आणि वर काढला तो असा. "काही झालंय का? मला तर काहीच लेटर आलं नाही."

"कोण पाठवणार लेटर?"

"कोर्ट. नाहीतर साखरे वकील. कोणीतरी पाठवेलच ना. अ‍ॅड्रेस आहे त्यांच्याकडे."

या देशात इतकी वर्षं काढल्यावर माणसाचं असं होतं. कर असो, कचऱ्याची गाडी असो की डोळ्यांची तपासणी, सगळ्याचं पत्र घरी येतं. आणि पत्र आलं नाही म्हणजे काही घडलेलंच नाही, अशी मनाची खात्री होऊन बसते. सांगलीचं कोर्ट मात्र तुम्ही येऊन विचाराल याची वाट बघतं. संजीव पत्राची वाट बघत होता, साखरे फोनची वाट बघत होते, आणि अपील मध्येच लोंबकळत होतं.

"पत्र येणार नाही," मृणालिनी म्हणाली. "तूच त्यांना फोन कर. नाहीतर दुसरा वकील दे. पुढच्या तारखेला कोणी उभं राहिलं नाही तर अपील निघेल."

संजीवने कप खाली ठेवला. त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू एक मोठेपणा पसरला.  "निघू दे ना ताई," तो म्हणाला. "खरं सांगू? या दोन वर्षांत खूप विचार केला मी. काय घेऊन जायचंय? ऑफिसातला माझा मॅनेजर करोनाने आठवड्यात गेला. झालं ते झालं. मी तुला माफ केलंय. मनापासून."

"माफ केलंस?"

"हो. तू पण टेन्शन घेऊ नकोस."

मागे उभ्या असलेल्या संपदाने नवऱ्याच्या खांद्यावर कौतुकाने हात ठेवला.  चोरी केलीच नाही तर माफी कशी घ्यायची? आणि समोरचा इतक्या प्रेमाने देत असताना ती परत तरी कशी करायची? मृणालिनी एवढंच म्हणाली, "मला माफी नकोय. तू अपील चालव." संजीव हसला आणि म्हणाला, "तू पण ना ताई." ती तशीच उठली. परतीच्या गाडीत तिला रागाने इतकं भरून आलं की मास्कच्या आतून हुंदका ऐकू जाईल म्हणून तिने खोकल्याचं निमित्त केलं, आणि समोरचा प्रवासी उठून दुसऱ्या डब्यात गेला.

मार्चमधल्या तारखेला दिनकररावांनी तिला स्पष्ट सांगितलं होतं की तुमची गरज नाही. तरी तिने त्यांच्याकडून व्हिडिओची लिंक मागून घेतली. सांगलीत कोर्ट बसलं तेव्हा ब्रेडात जेमतेम फटफटत होतं. ती अंघोळ करून, इस्त्रीचा कुडता घालून, त्याच स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी बसली होती. पडद्यावर वरच्या कोपऱ्यात न्यायाधीशबाई, खाली काळ्या कोटांची गर्दी, आणि पंख्याचा एकसारखा आवाज.

तिच्या प्रकरणाचा नंबर आला. शिपायाने दाराबाहेर जाऊन व्हरांड्यात पुकारा केला. "अपिलार्थी संजीव आठल्ये, हजर?" भावाचं नाव सांगलीच्या त्या व्हरांड्यात घुमलं. पुन्हा पुकारा झाला. तिसऱ्यांदा झाला. संजीव त्या वेळी न्यूनेनमध्ये बहुधा दाढी करत असेल.

"उत्तरवादी?"

"हजर," दिनकरराव म्हणाले.

"अपिलार्थी गैरहजर, वकीलही गैरहजर. मागच्या तारखांनाही तेच आहे," न्यायाधीशबाई लिहून घ्यायला सांगू लागल्या. "सबब अपील..."

"मॅडम, मला बोलायचंय."

काळे कोट पडद्याकडे वळले. दिनकररावांनी हातानेच नको नको अशी खूण केली. न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून बघितलं. "आपण कोण?"

"मी उत्तरवादी. मृणालिनी आठल्ये. हे अपील काढून टाकू नका."

कोणीतरी खुदकन हसलं. न्यायाधीशबाई हसल्या नाहीत. "अपील निघालं की तुमचाच फायदा आहे, हे तुम्हाला कळतंय ना?"

"कळतंय. पण माझ्या आईची सही मी फसवून घेतली असा आरोप आहे माझ्यावर. खालच्या कोर्टाने त्याचं उत्तरच दिलं नाही. तुम्ही कागद वाचा मॅडम, आणि मी फसवलं की नाही ते सांगा. फसवलं असेल तर तसं सांगा."

"बाई, अपिलार्थी हजर नसेल तर मला गुणदोषांत जाताच येत नाही. कायदा तसा आहे. मी फार तर अपील काढून टाकू शकते, नाहीतर पुढची तारीख देऊ शकते."

"मग तारीख द्या."

"कशासाठी? अपील त्यांचं आहे. ते त्यांनी चालवायचं. त्यांच्या वतीने तुम्ही ते चालवू शकत नाही." आवाज समजुतीचा होता, आणि म्हणूनच तिला जास्त असहाय्य वाटलं. "घर तुमच्याकडेच राहील. निश्चिंत राहा." मग त्यांनी उरलेलं वाक्य पुरं केलं. अपील काढून टाकण्यात येत आहे. शिपायाने पुढचं नाव पुकारलं, आणि पडद्यावर दुसऱ्याच कुणाच्या तरी विहिरीचं भांडण आलं.

दिनकररावांनी दुपारी फोन केला तो जरा चाचरतच. या मुद्द्यावर आपलीही हरकत आहे, असा अर्ज संजीवने अपील केलं तेव्हाच टाकून ठेवला असता तर अपील निघालं तरी तो ऐकता आला असता, असं त्यांनी कबूल केलं. "पण ताई, जिंकलेल्या माणसाला असलं कोण सुचवतं?" एक वाट अजून शिल्लक होती. तीस दिवसांच्या आत संजीवने अर्ज केला आणि गैरहजेरीचं कारण दिलं तर अपील पुन्हा चालू होऊ शकत होतं. उत्तरवादीने हरकत घेतली नाही तर नक्कीच.

संजीवला बातमी कळली ती हरिहरकाकांकडून. काकांना दुःख झालं होतं. संजीवला हलकं वाटत होतं. त्याने बहिणीला पाडव्याला जेवायला बोलावलं. "मिटलं एकदाचं ताई. श्रीखंड करतीये संपदा." न्यूनेनच्या त्या शांत गल्लीत, बागेकडच्या खिडकीत गुढी उभी होती. दोन वर्षांनी सगळे मास्कशिवाय एका टेबलाभोवती बसले. आर्या पुऱ्या मोजून घेत होती. मृणालिनीने ताटाला हात लावायच्या आधीच सुरुवात केली.

"संजू, तीस दिवसांत अर्ज करता येतो. तू कर. मी हरकत घेणार नाही, लिहून देते."

संजीवने संपदाकडे बघितलं, मग बहिणीकडे. "ताई, सीरियसली? मी सोडून दिलं, घर तुला राहिलं. आता तुला नक्की काय हवंय?"

"तू लिहिलंयस की मी आईची सही फसवून घेतली. ते एकदा कोणाकडून तरी तपासून घे."

"मी? मी कधी लिहिलं असं?"

तिला वाटलं, हा वेड पांघरतोय. मग तिने तो परिच्छेद म्हणून दाखवला. वार्धक्याचा व आजारपणाचा गैरफायदा, मजकूर न वाचून दाखवता, समजू न देता, कपटाने. एकही शब्द न चुकता, पुऱ्या ताटात निवत असताना. आर्याला त्यातलं बरंचसं कळलं नाही, पण आत्याचा आवाज कळला आणि तिने हातातला फोन खाली ठेवला.

"असं आहे त्यात?" संजीवचा चेहरा खरोखरच कोरा होता. "अगं, काका म्हणाले विल कच्चं आहे, टेक्निकली उडेल. ते वकिलाने टाकलं असेल ग. टाकतातच ते, स्टँडर्ड पॅरा असतो."

"खाली तुझी सही आहे. वरचा मजकूर मी वाचला, तो खरा आहे, असं लिहून त्याखाली."

"दुसऱ्या दिवशी फ्लाइट होती माझी. कोर्टाबाहेर काकांच्या गाडीच्या बॉनेटवर ठेवून सह्या केल्या मी. वकील पानं उलटत होता, मी सह्या करत होतो. कोण वाचत बसतंय?"

"आईने वाचून सही केली होती, संजू," मृणालिनी म्हणाली. "न वाचता केलीस ती तू."

 संपदा खुर्चीवर बसली, आणि बोलली ती नवऱ्याशी. "मी वाचलं होतं ते. तू कपाटात ठेवलं होतंस तेव्हाच. मला वाटलं, सख्खा भाऊ सही करून लिहितोय म्हणजे खरंच असणार. इतकी वर्षं मी ताईंशी..."  मृणालिनीकडे बघायचं तिला धैर्य होईना.

 संजीवने श्रीखंडातला चमचा उगाचच फिरवला. मग मान वर केली तेव्हा तो लहानपणी चूक सापडल्यावर दिसायचा तसा दिसत होता.

"ताई, मला विचारायचंस तरी. तेव्हाच. मी सांगितलं नसतं का? आपल्या आईला कोण फसवणार? ती वाण्याची पावतीसुद्धा दोनदा वाचायची."

हेच ऐकायचं होतं तिला. ते ऐकलं, आणि तिला रडू फुटलं. लाज न वाटता, सगळ्यांदेखत रडली ती. आर्या उठून तिच्याजवळ येऊन उभी राहिली. रडू ओसरल्यावर भावाचा राग कुठे गेला ते तिलाच कळलं नाही. उरला तो स्वतःवरचा. हा एक प्रश्न तिने दिनकररावांना विचारला होता, परक्या न्यायाधीशबाईंना भर कोर्टात विचारला होता. आणि दरवर्षी याच टेबलापाशी, हातात निरांजन घेऊन ज्याच्यासमोर ती उभी राहिली, त्या भावाला तिने तो एकदाही विचारला नव्हता.